कपाटात नसलेली बकरी

वरच्या बाईंना मी अकरा वर्षं ओळखतो आणि या अकरा वर्षांत त्या दोन्ही पायांनी जमिनीवर आहेत असा एकही दिवस मला आठवत नाही. आमच्या घराच्या वरच्या मजल्यावर भाड्यानं राहतात म्हणून त्या वरच्या बाई, हे खरं. पण तळमजल्यावर राहत असत्या तरी आम्ही त्यांना वरच्या बाईच म्हटलं असतं. वय पन्नाशीच्या पुढे, अंगानं बारीक, एका चपलेचा पट्टा कायम सुटलेला, आणि चालताना मान अशी किंचित तिरपी, की शेजारून कोणी तरी गोष्ट सांगत चाललंय आणि बाई ती ऐकतायत असं वाटावं. रस्त्यात आपण नमस्कार केला तर त्या थांबतात, गोड हसतात, आपली ओळख पटली नाही हे त्यांच्या चेहऱ्यावर स्वच्छ दिसतं, आणि मग घरी पोचल्यावर खिडकीतून हाक येते, "भैया, मघाशी चौकात तुम्हीच होते ना?"

त्यांच्या घरातलं एकही पातेलं मूळ रंगाचं राहिलेलं नाही. दूध गॅसवर ठेवायचं आणि ते तापेपर्यंत दोन पानं वाचायची, असा त्यांचा रोजचा बेत असतो आणि रोज तो दुधाच्या बाजूनं फसतो. जळका वास खाली आला की माझी बायको जिन्यातूनच ओरडते, "बाई, दूध!" वरून शांत उत्तर येतं, "हो हो, बघून राहिले मी." बघत असतात त्या खऱ्याच, पण पुस्तकात. एकदा शाळेतून घरी यायला म्हणून त्या बसमध्ये बसल्या आणि हातातली कादंबरी मिटली तेव्हा पार चाळीस किलोमीटरवरचं सिहोरा आलं होतं. दुसरा कोणी असता तर वैतागला असता. बाई खाली उतरल्या, बाजारात फिरल्या आणि संध्याकाळी पाच किलो मटार घेऊन परतल्या. "सिहोऱ्याचा मटार म्हणजे साखर, भैया. मुद्दाम गेले होते," असं त्यांनी मला डोळ्याला डोळा भिडवून सांगितलं. त्या आठवड्यात आमच्या घरात मटार न घातलेला पदार्थ फक्त चहा होता.

आमच्या भागातल्या, म्हणजे गढ्यातल्या, एका लहानशा हिंदी शाळेत त्या चौथीला शिकवतात. माझी मुलगी चिमी त्यांच्याच वर्गात होती, त्यामुळे पुढचं सगळं मला आतून माहीत आहे. शाळेत वाचनालय म्हणजे एक लोखंडी कपाट. बाई येण्याआधी ते वर्षातून दोनदा उघडायचं, पुस्तकांवरची धूळ झटकायला. बाईंनी पहिल्याच वर्षी किल्ली मागून घेतली आणि तेव्हापासून त्या शाळेला, आणि घरमालक या नात्यानं मलाही, स्वस्थता अशी मिळालेली नाही. कारण बाईंना स्पर्धा सुचतात. धुणं वाळत घालताना सुचतात, शिक्षकांच्या सभेत सुचतात. एके वर्षी "पुस्तकाचं घर" निघालं. प्रत्येक मुलानं आपल्या आवडीच्या पुस्तकाला राहायला चपलांच्या खोक्याचं घर बांधायचं होतं. खोकी आणायला अर्थातच मी. गढ्याच्या बाजारातलं एकही चपलांचं दुकान मी सोडलं नाही. स्कूटरवर मागेपुढे चाळीस खोकी बांधून मी निघालो तेव्हा वाटेत दोघा जणांनी मला थांबवून "सात नंबर है क्या?" असं विचारलं होतं.

पुढच्या वर्षी चिमी चौथीत आली आणि "ज्याला कोणी वाचून दाखवत नाही, त्याला वाचून दाखवा" अशी स्पर्धा झाली. चिमीनं आमच्या फ्रीजला आठवडाभर गोष्टी ऐकवल्या. एका मुलानं म्हशीला वाचून दाखवलं आणि वहीत लिहिलं की वाघ आल्यावर म्हशीनं रवंथ थांबवला. एकानं बहिऱ्या आजोबांना निवडलं, आणि सगळ्यांत जास्त मजा त्यांनाच आली म्हणे. मग पुस्तकातल्या पात्रांची वेषभूषा झाली. राजे, पऱ्या, राक्षस रांगेनं आले, आणि शेवटी एक मुलगा अंगाला पांढरी चादर गुंडाळून आला. "तू कौन है?" हेडमास्तरांनी विचारलं. तो म्हणाला, "पन्ना नंबर सत्रह." म्हणजे पुस्तकाचं सतरावं पान. बाईंनी त्याला पहिला नंबर दिला. हेडमास्तरांनी कारण विचारलं तर म्हणाल्या, "सर, राजा तो कोई भी बन जाता है."

पण मला सांगायचंय ते रांगेच्या स्पर्धेबद्दल. नियम सोपा होता. मुलानं कपाटातलं एक पुस्तक उचलायचं, ते छातीशी धरून वर्गाला त्याची गोष्ट सांगायची, पण शेवट सांगायचा नाही. सगळ्यांचं सांगून झालं की ज्या पुस्तकासाठी कपाटापुढे सर्वांत लांब रांग लागेल ते पुस्तक सांगणारा जिंकला. बक्षीस म्हणून आठवडाभर कपाटाची किल्ली गळ्यात घालायला मिळायची. त्या किल्लीसाठी मुलं जेवण विसरली होती. चिमी आंघोळ करताना मोठमोठ्यानं गोष्ट सांगायची.

जिंकली पौर्णिमा. ही वर्गातली मागच्या बाकावरची, तेल लावून घट्ट दोन वेण्या घातलेली मुलगी. घर नागपूरकडचं, वडील कारखान्यात, घरी आजी. वर्षभरात तिचा आवाज कोणी फारसा ऐकलेला नव्हता. ती एक पातळसं हिरवं पुस्तक छातीशी धरून उभी राहिली आणि म्हणाली की नर्मदेच्या खाली आणखी एक नदी आहे. तिच्यात पाणी नाही, आवाज आहेत. घाटावर माणसं जे जे बोलतात ते बुडून खाली जातं आणि तिथे वाहत राहतं. एका बकरीचा आवाज हरवतो, म्हणून ती शोधायला त्या नदीत उतरते. तिथे तिला आधी रेल्वेच्या शिट्टीचा आवाज सापडतो, तो ती लावून बघते. मग घंटेचा. मग भाजीवाल्याचा. घरी येते तर मालकिणीसमोर उभी राहून ओरडते, "आलू ले लो!" वर्ग हसून लोळला. पौर्णिमा हसली नाही. ती खिडकीबाहेर बघत सांगत राहिली, बकरी पुन्हा खाली उतरली, खाली अंधार नव्हता, दुधासारखा उजेड होता, आणि अगदी तळाशी कोणी तरी तिचंच नाव घेऊन हाक मारत होतं. इथे ती थांबली आणि जागेवर जाऊन बसली.

रांग वर्गाबाहेर गेली, व्हरांड्यातून वळली आणि पाण्याच्या नळापर्यंत पोचली.

रांगेत पहिली आमची चिमी. पुस्तक दप्तरात घालून ती घरी आली, हातपाय न धुता उघडून बसली आणि पाच मिनिटांत तिनं भोकाड पसरलं. मी पुस्तक हातात घेतलं. ते कोंबड्यांची निगा आणि त्यांचे रोग या विषयावरचं होतं. कपाटात ते कसं आलं देव जाणे. बकरी त्यात कुठेच नव्हती.

मी ते घेऊन वर गेलो. बाईंनी शांतपणे पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत चाळलं. मग उलटं चाळलं. मग एक पान उजेडाकडे धरून बघितलं. "दुसरी आवृत्ती असेल, भैया," त्या म्हणाल्या. त्यांनी पुस्तक मांडीवर ठेवलं आणि हळूहळू त्यांची तिरपी मान सरळ झाली. त्यांचा तो चेहरा मी पूर्वी कधी पाहिला नव्हता. कोणी तरी झोपेतून उठवल्यासारखा.

दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर मी चिमीला आणायला गेलो तर वर्गात फक्त बाई आणि पौर्णिमा होत्या. मी दाराशीच थांबलो. पौर्णिमानं गळ्यातली किल्ली आधीच काढून टेबलावर ठेवली होती.

"काहून सांगितलंस असं?" बाई विचारत होत्या, पण आवाजात राग नव्हता.

ती वेणीचं टोक पिळत राहिली. मग म्हणाली, "मले वाचता येत नाही, बाई."

"थोडंसुद्धा नाही?"

"अक्षरं हालून राहते. बाजूची वाचते ते मी पाठ करतो. परीक्षेत तिचं बघून चित्रावानी लिहितो." वऱ्हाडी वळणाच्या घरच्या बोलीत ती मुलग्यासारखं 'करतो', 'लिहितो' म्हणत होती. "किल्ली पाहिजे होती मले. एक डाव कपाट उघडून सगळे पुस्तकं हातात घ्यायचे होते. कोणी नसतानी."

बाई खुर्चीवरून उठल्या आणि तिच्या बाकावर, तिच्या शेजारी जाऊन बसल्या. त्या बाकावरून फळा कसा दिसतो ते त्यांनी बराच वेळ बघितलं. घरी येताना त्या माझ्याशी एवढंच बोलल्या, "वर्षभर ही माझ्या समोर बसली, भैया. आणि मी कुठं होते?"

तोवर बातमी हेडमास्तरांपर्यंत गेली होती. रांगेतल्या मुलांचे पालक तक्रार घेऊन आले होते. हेडमास्तर म्हणाले की ही सरळ फसवणूक आहे, बक्षीस काढून घ्या, मुलीच्या वडिलांना बोलवा आणि या स्पर्धा आता बंद. बाई म्हणजे एरवी वाद घालताना मध्येच विषय विसरणाऱ्या. त्या दिवशी विसरल्या नाहीत. म्हणाल्या, "सर, नियम था कि जिस किताब के लिए सबसे लंबी लाइन लगे. लाइन लगी. अब किताब अलमारी में नहीं है, तो गलती अलमारी की है." बाई पुढे म्हणाल्या, "मुझे स्नेहसंमेलन तक का समय दीजिए. किताब अलमारी में आ जाएगी."

आणि त्यांनी किल्ली पुन्हा पौर्णिमाच्या गळ्यात घातली.

मग रोज शाळा सुटल्यावर त्या दोघी शाळेच्या पायऱ्यांवर बसू लागल्या. बाई विचारायच्या, "चल, बकरीनं मग काय केलं?" पौर्णिमा सांगायची आणि बाई ते मोठ्या, गोल अक्षरांत कागदावर उतरवायच्या, अर्धं हिंदी, अर्धं घरचं मराठी, जसं तोंडातून येईल तसं. दुसऱ्या दिवशी आधी कालचं पान एकेका शब्दाखाली बोट ठेवत वाचायचं. ते पौर्णिमाचंच बोलणं असायचं, त्यामुळे पुढचा शब्द कोणता ते तिला ठाऊक असायचं, आणि मग कागदावरच्या त्या आकाराकडे ती संशयानं बघायची की हाच का तो? बकरी हा शब्द तिला पहिल्यांदा ओळखू आला. मग नदी. मग तिनं कोंबड्यांच्या पुस्तकात जाऊन नदी शोधली, आणि ती खरोखर एका ठिकाणी सापडली, तेव्हा तिनं ते पुस्तक घेऊन अख्ख्या व्हरांड्यात धाव घेतली. काही दिवस वाईटही गेले. एकदा तिनं पान चुरगळून फेकलं आणि म्हणाली, "माझ्याच्यानं होत नाही." बाईंनी ते उचललं, मांडीवर सपाट केलं आणि पुढे काय झालं ते विचारलंच नाही. दोघी नुसत्या बसून राहिल्या. समोर मैदानात धूळ सोनेरी होत चालली होती, कुंडमकडे जाणारी एक बस रिकामीच गेली, आणि अर्ध्या तासानं पौर्णिमा आपणहून म्हणाली, "मग बकरीले झोप लागली." बाईंनी लिहून घेतलं.

मी आणि चिमी दुसऱ्या पायरीवर बसून वाट बघायचो. तक्रार करायला हवी होती, पण खरं सांगायचं तर मलाही बकरीचं पुढे काय होतं ते कळायला हवं होतं.

स्नेहसंमेलनात नाच झाले, भाषणं झाली, आणि मग पौर्णिमा शिवलेल्या कागदांचं जाडसर पुस्तक घेऊन माइकसमोर आली. पहिली ओळ तिनं बरी वाचली. दुसऱ्या ओळीत अडली. तोंड उघडं, आवाज नाही. मी बाईंकडे बघितलं. त्या कडेला उभ्या होत्या आणि दोन्ही हातांनी पडदा घट्ट धरून होत्या. तेवढ्यात पुढच्या सतरंजीवरून कोणी तरी हळूच तो शब्द म्हटला. पौर्णिमानं तो उचलला आणि पुढे गेली. पुन्हा अडली, तेव्हा चार जण म्हणाले. पायऱ्यांवरची ती पानं वर्गात फिरून फिरून सगळ्यांना तोंडपाठ झाली होती. शेवटी शेवटी ती जिथे अडेल तिथे अख्खा चौथीचा वर्ग एका सुरात शब्द पुरवत होता, आणि "आलू ले लो" तर मागे उभ्या असलेल्या पालकांनीसुद्धा म्हटलं. कार्यक्रम संपल्यावर हेडमास्तर स्टेजच्या मागे आले. आता काही तरी बोलणार असं वाटलं. त्यांनी घसा साफ करून विचारलं, "मैडम, वो नीचे से आवाज़ कौन दे रहा था?" बाई म्हणाल्या, "अभी उसने बताया नहीं, सर."

पुस्तक कपाटात गेलं, त्याला नंबर मिळाला. स्पर्धा चालू राहिल्या. पुढच्या वर्षी पौर्णिमाच्या वडिलांना नागपूरला काम मिळालं आणि ती मंडळी गेली. शाळा सोडल्याचा दाखला घ्यायला आली तेव्हा बाई नेमक्या वर्गात शिकवत होत्या. दारातून दोघींनी एकमेकींना हात केला, एवढंच.

गेल्या महिन्यात माझ्या फोनवर एका वहीच्या पानाचा फोटो आला. पौर्णिमाच्या वडिलांनी पाठवला होता. बाईंचा स्वतःचा फोन बहुधा तांदळाच्या डब्यात असतो, म्हणून माझ्याकडे. मी तो घेऊन गच्चीवर गेलो. बाई वाळलेले कपडे खांद्यावर घेऊन उभ्या होत्या, संध्याकाळ उतरत होती, गढ्याच्या बाजूचा कोलाहल लांबून येत होता. मी म्हटलं, "वाचून दाखवू?" त्या म्हणाल्या, "नको, द्या." आणि डोळ्यांजवळ धरून त्यांनी तो फार हळू, एकेक शब्द चाखत वाचला. पाच ओळी होत्या. नवी शाळा बरी आहे. आजीचे गुडघे दुखतात. मधल्या दोन ओळी चुकल्या म्हणून खोडल्या होत्या. आणि शेवटी लिहिलं होतं, बाई, मी आता बोट न ठेवता वाचते.

मी म्हटलं, "वा! बघा बाई, केवढी मोठी गोष्ट."

"हो," त्या म्हणाल्या. त्यांनी फोन मला परत दिला आणि खांद्यावरची ओढणी घडी करायला घेतली. अर्धी घडी झाल्यावर हात थांबले.

"चांगलंच झालं, भैया," त्या म्हणाल्या. "पण बोट ठेवायची ना, तेव्हा मला दिसत राहायचं, ती कुठपर्यंत आली ते."