साटमबाईंनी दाखवलेला व्यत्यास

वाणीची अधिष्ठात्री शारदा आणि बुद्धीचा स्वामी गजानन यांच्या चरणी मस्तक ठेवून हे लिहावयास बसलो आहे. निमित्त असे की, डॉ. शकुंतला साटम यांना जाऊन आज वर्ष पूर्ण झाले. वर्षश्राद्ध करू नये असे त्या स्वतःच बजावून गेल्या. तेव्हा माझ्यासारख्या माणसाजवळ अर्पण करण्यास शब्दांखेरीज काही उरत नाही.

साटमबाईंना कोणी ‘उजवीकडे’ म्हटले की त्या तत्काळ विचारीत, “उजवं कुणाचं?” टॅक्सीवाला असो, भाजीवाली असो, की त्यांना संस्कृत शिकवणारा मी असो. एकदा मी म्हणालो, “ती उजवीकडची पोथी घ्या.” बाई जागच्या हलल्या नाहीत. “माझ्या उजवीकडची, तुमच्या उजवीकडची, की कपाटाच्या?” कपाटालाही स्वतःचा उजवा हात असतो, हे मला त्या दिवशी समजले. समजले म्हणतो, पण खरे तर तेव्हापासून माझा गोंधळच वाढला.

ही खोड त्यांना बालपणीच जडली होती. लालबागच्या चाळीत त्यांचे घर, वडील गिरणीत, आणि खाली गणपतीचा कारखाना. एकदा मूर्तिकाराने लहानग्या शकूच्या बोटाला सोनेरी रंग लावून सांगितले, “उजव्या कानाला लाव.” तिने आपल्या उजव्या हाताशी दिसणाऱ्या कानाला लावले. मूर्तिकार म्हणाला, “तुझं उजवं घरी ठेव. देवाचं उजवं देवाला विचार.” पुढे परळच्या वैद्यकीय महाविद्यालयात त्यांनी आयुष्यभर शरीररचनाशास्त्र शिकवले, आणि प्रत्येक नव्या तुकडीला पहिल्या दिवशी हेच सांगितले: “देह आपल्या जागेवरून बोलतो. तुम्ही कुठे उभे आहात, याच्याशी त्याला देणंघेणं नाही.”

निवृत्तीनंतर त्या गिरगावात माझ्याकडे दर गुरुवारी संस्कृत शिकावयास येऊ लागल्या. हेतू विचारला, तर म्हणाल्या, “शास्त्रीबुवा, सगळी नोकरी मेलेल्या माणसांत काढली. आता लोक म्हणतात तुमची भाषापण मेलेली आहे. म्हटलं, बघू या नाडी लागते का.” मला हे रुचले नाही. परंतु महिन्याभरात त्या समास असे सोडवू लागल्या, जणू सुरीच्या टोकाने धागा धागा वेगळा करीत आहेत. आणि मी निमूटपणे त्यांच्यासाठी गुरुवारची दुपार राखून ठेवू लागलो.

आता ज्या प्रसंगासाठी हा लेखनप्रपंच, तो सांगतो.

माझा धाकटा भाऊ अच्युत वडाळ्यास राहतो. एके सकाळी पूजा करताना त्याच्या उजव्या हातातली पळी निसटली. तो वाकला, आणि वाकला तो उठलाच नाही. वाचा गेली, उजवे अंग लुळे पडले. त्याची पत्नी सुमन हिने शेजाऱ्यांच्या मदतीने त्याला परळच्या एका रुग्णालयात नेले. मी पोहोचलो तेव्हा एक तरुण डॉक्टर हातात कागद घेऊन तिच्यासमोर उभा होता.

“काकी, डोक्यात डाव्या बाजूला रक्त साकळलंय. डावीकडून कवटी उघडून ते काढायला लागेल. लवकर सही करा.”

सुमन माझ्याकडे वळली. “भाऊजी, हात उजवा गेलाय. आणि हे डावीकडे कापणार?”

डॉक्टरने मेंदूचा फोटो उजेडासमोर धरला. मीही पाहिला. पांढरा डाग मला स्पष्टपणे उजवीकडे दिसत होता! मी न्यायशास्त्र पढलेला मनुष्य. मनात म्हटले, लुळा हात सांगतो उजवे, फोटो सांगतो उजवे, केवळ हा घाईतला मुलगा सांगतो डावे. दोन साक्षी एकीकडे, एक दुसरीकडे. आणि मी गंभीर स्वरात म्हणालो, “सुमन, थांब. सही करू नकोस. यांची काहीतरी चूक होते आहे.”

आमच्या घरात माझा शब्द कोणी ओलांडत नाही. सुमनने पेन खाली ठेवले.

डॉक्टर वैतागला. “अहो काका, डीकसेशन असतं. फायबर्स क्रॉस होतात!” मी विचारले, “म्हणजे काय?” तो म्हणाला, “म्हणजे क्रॉसच होतात!” आणि मोठ्या डॉक्टरांना बोलावण्यास धावला. ते दुसऱ्या शस्त्रक्रियेत गुंतलेले. परिचारिका येऊन म्हणाली, “आजोबा, पेशंटकडे वेळ नाही हो.” ‘डीकसेशन’ या एका शब्दाने माझ्या डोक्यात अधिकच धुके दाटले होते. अच्युतचा श्वास पडद्याआडून घोरल्यासारखा ऐकू येत होता. अखेर मी साटमबाईंना फोन लावला. सर्व ऐकून त्यांनी एकच प्रश्न केला, “फोटोत उजवं कुणाचं बघितलंत?”

मी म्हणालो, “तुम्ही या.” बाई लालबागहून टॅक्सीने निघाल्या. सुमनने पेन ठेवल्यापासून त्या येईपर्यंत पाऊण तास गेला होता.

आल्या आल्या त्यांनी फोटो पाहिला आणि डॉक्टरला म्हणाल्या, “थिएटर तयार ठेव. सही मिळेल.” मग सुमनला जवळ ओढून आपल्या मालवणीत म्हणाल्या, “गो बाय, रडू नको. हय बस.” आणि माझ्याकडे वळून म्हणाल्या, “डीकसेशन म्हणजे फुली. लॅटिनमध्ये दहाचा आकडा फुलीसारखा काढतात, त्यावरून आलाय. तुमच्याकडे काय म्हणतात याला?”

“व्यत्यास,” मी म्हणालो.

“कुठे वापरता?”

“गुरूंना वंदन करताना. शिष्याने हात व्यत्यस्त करावेत, म्हणजे उजव्या हाताने गुरूंचा उजवा चरण आणि डाव्याने डावा...” बोलता बोलता मी अडखळलो.

बाई बाकावर बसल्या, चपला काढल्या आणि पाय पुढे केले. “हिला करून दाखवा.”

मी त्यांचा गुरू. आयुष्यात ब्रह्मवृंदाखेरीज कोणाच्या पायांस हात लावलेला नव्हता. क्षणभर थबकलो, हे लपवीत नाही. मग खाली बसलो आणि हातांची फुली करून त्यांच्या दोन्ही पावलांवर हात ठेवले.

“सुमन, नीट बघ. डावं-उजवं विसर. यांचा हा खिडकीकडचा खांदा. त्या खांद्याचा हात कुठे पोचलाय?”

“दाराकडच्या पायावर.”

“आता हा खिडकीकडचा खांदा कुणी दाबून धरला, तर माझा कुठला पाय नमस्कारावाचून राहील?”

सुमन पाहत राहिली. “दाराकडचा,” ती हळूच म्हणाली.

“हेच झालंय अच्युतरावांना. मेंदूचा देठ मानेत उतरतो ना, तिथे दोन्हीकडचे धागे अशीच फुली करून पलीकडे जातात. सगळे नाहीत, बहुतेक. खांदा अडलाय डावीकडे, हात पडलाय उजवा. आणि फोटो म्हणजे नवरा तुझ्यासमोर तोंड करून उभा आहे. त्याचं डावं तुझ्या उजव्या हाताशी येणार. कळलं?”

सुमनने पेन मागितले. कागद मांडीवर घेऊन तिने सही केली. अच्युतला आत नेले.

मी अजून खालीच बसलो होतो. बाई म्हणाल्या, “उठा आता. नुसतं दाखवा म्हटलं होतं, खरोखरीचा नमस्कार कुठे घातलात?”

“घातला गेला,” मी म्हणालो.

अच्युत वाचला. तो काठी घेऊन चालतो, डाव्या हाताने जेवतो. वाचा मात्र पूर्ण परतली नाही. चारदोन शब्द येतात, आणि तेही आपल्या मर्जीने. चहा हवा असता तो ‘देव’ म्हणतो. सुमन त्याला हसून विचारते, “साखर घालू का देवाला?”

पुढच्या गुरुवारी मी बाईंना विचारले, “माझ्यामुळे पाऊण तास गेला. त्याची वाचा त्या पाऊण तासात गेली का?”

मला वाटले, त्या नाही म्हणतील. त्यांनी पुस्तक मिटले. “माहीत नाही. हो म्हणणारा खोटं बोलेल, आणि नाही म्हणणारासुद्धा.” मग म्हणाल्या, “तुमचा गोंधळ झाला, हे पाप नाही. मोठमोठ्यांचा होतो. गोंधळलेला माणूस खात्रीच्या आवाजात बोलला, ते वाईट झालं.”

इतके कठोर आणि इतके खरे मला कोणी सांगितले नव्हते. मग मी भलतेच विचारले, “परमेश्वराने ही फुली घातलीच का असेल? सरळ धागे सोडता आले असते.”

“त्याची चार कारणं पुस्तकांत दिलीयत. चार कारणं दिली की समजायचं, खरं एकही सापडलेलं नाही.” आणि हसून म्हणाल्या, “तुमच्या पोथ्यांत मिळालं तर मला कळवा.”

मी पुष्कळ शोधले. डाव्याने उजव्याचा भार वाहावा, असा काही ईश्वरी संकेत असावा, असे एकदा वाटले. दुसऱ्या दिवशी तेही पटेना. आजतागायत उमगलेले नाही.

गतवर्षी साटमबाई सकाळी चहा घेता घेता गेल्या. देहदानाचा अर्ज त्यांनी पूर्वीच भरला होता. त्यांच्याच महाविद्यालयाची गाडी लालबागच्या घराखाली येऊन उभी राहिली. शेजारीपाजारी जिन्यात दाटले होते. त्यांची भाची मेघा माझ्याजवळ आली. “काका, तुम्ही शास्त्री. अग्नी नाही, स्मशान नाही. अशा वेळी कुठला मंत्र म्हणतात?”

सगळे माझ्याकडे पाहू लागले. अंत्येष्टीचे मंत्र मला मुखोद्गत आहेत. पण ते अग्नीला उद्देशून आहेत, आणि इथे अग्नी नव्हता. त्यांतला एखादा म्हणून टाकला असता, तर तेथे मला कोणीही अडवले नसते. ओठांवर शब्द आलाही होता.

“मला माहीत नाही, बाळ,” मी म्हणालो.

मेघाने मान हलवली. आम्ही सर्वजण तसेच हात जोडून उभे राहिलो, गाडीचे दार लागेपर्यंत.

वाचकहो, आपणांस आणि आपल्या घरातील लहानथोरांस श्रीगजानन आरोग्य देवो. संकटाच्या घडीला योग्य मनुष्य आपल्या दाराशी येवो, आणि घरातल्या वडीलधाऱ्यांना जे ठाऊक नाही ते ‘ठाऊक नाही’ म्हणण्याचे बळ मिळो. शुभं भवतु.