सारवलेल्या भिंतीवरचे व्याकरण

बहमन महिन्याची नऊ तारीख, फसली साल तेराशे छप्पन, सकाळी साडेसात. इंग्रजी पंचांगाने तो डिसेंबर होता. मुरुमच्या शाळेचे कुलूप काढायला मी गेलो, तेव्हा दार आधीच उघडे होते आणि आतून ओल्या मातीचा वास येत होता.

शाळा म्हणजे मठातली एक लांब खोली. निजामाच्या अमलात खासगी शाळेला सरकारी परवानगी लागे, आणि आमच्या परवानगीची मुदत संपत आली होती. त्याच दिवशी मोहतमीम, म्हणजे शाळा तपासणारे अधिकारी, येणार होते. त्यांनी दस्तखत केले तर शाळा राहणार. नाही केले तर मुले पुन्हा गुरांमागे जाणार आणि मी माझा पेटारा उचलणार.

खोलीत चार-पाच बायका होत्या. त्यांच्या हातांत पोतेरी होती, पुढ्यात पांढऱ्या मातीची घमेली. लांबच्या लांब भिंत एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत पांढरीशुभ्र झाली होती. काही ठिकाणी ती अजून ओली होती.

त्यांत वयाने मोठी होती ती, माझ्या एका विद्यार्थिनीची आजी. सारे गाव तिला अव्वा म्हणत असे. ती कमरेवर हात ठेवून म्हणाली, “बघा मास्तर, कसं झक दिसायलंय. तांबडं फुटायच्या आधीपासून लागलोत आमी.”

“अव्वा, भिंतीवर चित्रे होती.”

“व्हती की. लई दिसाची झाल्ती. पावनं येनार म्हनल्यावर भिताडं तशीच ठिवायची व्हय? गावाला नाव ठिवतील.”

पाहुणा यायचा म्हणजे भिंत सारवायची, ही तिकडची रीत. लग्न असो, स्वामी येवोत, नाहीतर सरकारी माणूस येवो. ती चुकली असे म्हणायला मला जागा नव्हती. मी म्हणालो, “चांगले झाले.” बायका घमेली उचलून गेल्या. अव्वा मात्र साहेब पाहायचे म्हणून दाराशी थांबली.

ती चित्रे माझ्या सहशिक्षकाने काढली होती. आम्ही दोघे एका खोलीत राहत होतो आणि एका चुलीवर जेवत होतो. तिथल्या बहुतेक मुलांची घरातली भाषा कानडी. शब्दांच्या जातींची व्याख्या त्यांच्या तोंडात खड्यासारखी घोळे आणि बाहेर पडे. म्हणून मी ओळी जुळवल्या:

नाम म्हणे, मी नावाचा धनी;
सर्वनाम बसे माझ्या आसनी.
विशेषण सांगे रूप नि रंग;
क्रियापद राबे, चोरी ना अंग.

पुढे अशाच आणखी चार ओळी होत्या. त्या ऐकून तो म्हणाला होता, “तुझ्या ओळी म्हणजे खुंट्या आहेत. काही टांगता येईल, एवढाच त्यांचा उपयोग.” आणि मग त्याने टांगले. गेरू, काजळ आणि हळद एवढ्यावर त्याने भिंत भरली. सर्वनामासाठी पाटलाच्या बाजेवर बसलेला पाटलाचा भाऊ. शब्दयोगी अव्ययासाठी कुत्र्याच्या कानाला चिकटलेली गोचीड. उभयान्वयी अव्ययासाठी दोन बैल आणि त्यांच्या मानेवरचे जू. जुवावर अक्षरे, ‘आणि’. केवलप्रयोगी अव्ययासाठी विंचू चावलेला एक माणूस, ज्याचे तोंड तेवढे मोठे होते. त्या माणसाचे नाक माझे आहे, असे मुलांचे मत होते. मी ते कधी तपासून पाहिले नाही.

आषाढात त्याने वाचनालयात निजामाच्या राजवटीविरुद्ध एक भाषण केले. त्यावरून त्याच्या नावाने चौकशी सुरू झाली. एका पहाटे तो हद्द ओलांडून सोलापूरच्या बाजूला निघून गेला. त्यानंतर त्याची काही खबर आली नाही. त्याच्या वाटणीची भाकरी थापायची नाही, हे हाताला समजायला काही दिवस लागले. संध्याकाळी मुले गेल्यावर मी भिंतीसमोर बसत असे. दुसरे काही काम नसे.

मोहतमीम आले. उंच, वयस्क, दमलेले गृहस्थ होते. मराठी त्यांना समजत असे. बोलत ते उर्दूच. त्यांनी पाढे ऐकले, हस्ताक्षर पाहिले, मग शब्दांच्या जाती म्हणवून घ्या म्हणाले.

मी खूण केली. मुले उठली आणि त्यांनी साहेबांकडे सरळ पाठ फिरवली. त्यांची तोंडे भिंतीकडे होती. ती म्हणू लागली आणि प्रत्येक ओळीला सगळ्यांची बोटे एकदम वर जाऊन कोऱ्या भिंतीवरच्या ठरलेल्या जागी थांबू लागली. बोट एकाचेही चुकले नाही. शेवटच्या ओळीला सगळ्यांनी आपापली तोंडे मोठी उघडली.

साहेब खुर्चीवरून उठले. “मास्टर साहब, ये बच्चे खाली दीवार में क्या पढते हैं?”

मी उत्तर देण्याआधीच अव्वाची नात भिंतीजवळ गेली आणि तिने तळवा टेकवला. “हितं जू व्हतं साहेब. ह्या अंगाला पांढरा बैल, त्या अंगाला तांबडा. जू म्हंजे आणि.”

“फिर कहाँ गया?”

“सारवलं. तुमी येनार म्हून.”

साहेब हसले. मला त्यांचे हसणे अनपेक्षित होते. मग त्यांनी विचारले, “किसने बनाई थीं?”

मुलांना नाव ठाऊक होते. पुढच्या रांगेतल्या एकाचे तोंड उघडले. ते नाव त्या खोलीत उच्चारले गेले असते तर दस्तखत राहिले बाजूला, शाळेला त्याच दिवशी टाळे लागले असते. मी काही सुचवू शकत नव्हतो. मी मुलाकडे पाहिले असते, तरी ते साहेबांना दिसले असते.

दाराशी अव्वा मोठ्याने म्हणाली, “ह्याच मास्तरांनी. दुसरं हाय कोन हितं त्यास्नी?”

मुलाने तोंड मिटले. साहेबांनी माझ्याकडे पाहिले. मी मान खाली घातली. ती त्यांनी होकार म्हणून घेतली असावी.

“तो फिर बना लीजिए,” ते म्हणाले. “महीने भर में आऊँगा. दीवार देखूँगा, फिर दस्तखत.”

त्यांचा छकडा वेशीपलीकडे गेल्यावर मुले मला घेरून उभी राहिली. बैल किती उंच होता, गोचीड कोणत्या कानाला होती, यावर त्यांच्यात भांडणे लागली. अव्वा ओशाळली होती. “मास्तर, तुमाला येतं का काढाया?” तिने हळूच विचारले.

“नाही.”

“मग आता वं?”

“शिकेन.”

तिने अर्ध्या तासाने एका वाटीत गेरू आणून ठेवला आणि निघून गेली. दुपारनंतर शाळा सुटली. आवाज गल्लीच्या वळणापर्यंत ऐकू आले, मग थांबले.

मी गेरू भिजवला. कडुनिंबाची काडी चावून तिचा कुंचला केला. माझा सहशिक्षक असाच करीत असे. भिंत वाळली होती. अव्वाच्या नातीच्या तळव्याचा पुसट ठसा तिच्यावर उमटला होता, म्हणून जागा शोधावी लागली नाही. मी तिथे जू काढले. एक आडवी रेघ आणि दोन खुंट्या, एवढेच असल्यामुळे ते जमले. त्यावर ‘आणि’ लिहिले. अक्षर माझे होते, त्याच्याइतके गोल नव्हते. खाली बैलाची मान काढून पाहिली. ती मान वाटेना. ओल्या फडक्याने पुसून टाकली.

उजेड कमी झाला तेव्हा काडी धुतली, उरलेला गेरू वाळू नये म्हणून वाटीवर ओले फडके घातले आणि दाराला कुलूप लावले.