एकशे सत्तावीस दात

कमलनगरात बसस्टँडमागं राजूबाईचं लेथ मशीनवर लोखंड कातायचं दुकान होतं. नवरा वारल्यावर दिरानं मशीन विकायला काढली, तेव्हा ती पट्टा चढवून स्वतःच कामाला उभी राहिली. नवऱ्याबरोबर नऊ वर्षं तिनं हेच काम केलं होतं. मशीन जुनी, इंग्लंडात बनलेली. राजूबाई रोज काम संपल्यावर ती रॉकेलनं पुसून तेल लावी.

१९६९ साली मिलिमीटरच्या आट्यांचे नवे पंप आले. उदगीरहून मशीनी विकणारा अण्णाराव येऊन म्हणाला, "अक्का, ही इंचाची मशीन. हिच्यावर मिलिमीटरचे आटे पडत न्हाईत. भंगारात द्या, नवी घ्या."

"कामून पडत न्हाईत?"

"इंचाचं मिलिमीटर करायला एकशे सत्तावीस दातांचं गियर लागतं. ते आता कुठं मिळायलंय?"

"मिळत न्हाई तर मी करते."

तिनं पितळेची चकती कातली. कागदाच्या पट्टीवर एकशे सत्तावीस सारखे भाग आखून ती पट्टी चकतीभोवती चिकटवली आणि कानशीनं एकेक दात घासला. पहिली चकती शेवटच्या दातांवर बिघडली. दीर हसला. तिनं दुसरी कातायला घेतली.

सतराव्या दिवशी ते गियर मशीनला बसवून तिनं पाडलेल्या आट्यांवर नव्या पंपाचा नट अलगद फिरत गेला. पुन्हा आलेल्या अण्णारावानं तो दोनदा काढून घालून पाहिला.

"हे गियर विकता का?" त्यानं विचारलं.

"न्हाई," राजूबाई म्हणाली. "तुमची मिलिमीटरच्या कामाची गिऱ्हाइकं इकडं पाठवा."

त्यानं पाठवली. त्या मशीनवर तिनं पुढं एकोणीस वर्षं काम केलं.