व्याह्यांची रविवारची ड्यूटी

जगातली यंत्रं विजेवर चालतात, पेट्रोलवर चालतात, काही नुसती थापट मारली की चालतात. पण आमच्या व्याह्यांच्या हाती पडलेलं यंत्र फक्त त्यांच्या परवानगीवर चालतं, आणि ती परवानगी सहसा मिळत नाही. हे पक्कं ठाऊक असूनही एका रविवारी सकाळी मी त्यांना फोन केला आणि म्हणाले, "जरा बघता का?" मूर्खपणा मी आयुष्यात कमी केलेला नाही. तरुणपणी आमच्याकडे टेलिफोन आला तेव्हा तो वाजला की मी आधी हात धुवायची, मग केसांवरून कंगवा फिरवायची, पदर सारखा करायची आणि एवढं सजून रिसीव्हर उचलेपर्यंत पलीकडचं माणूस कंटाळून गेलेलं असायचं. "ह्या फोनात नुसती घंटाच आहे, माणूस नाहीच," अशी तक्रार मी ह्यांच्याकडे कितीतरी दिवस करत होते. पण 'जरा बघता का' हा त्या सगळ्यावरचा कळस. ज्या माणसाने उभा जन्म चाकणच्या कारखान्यात मेंटेनन्सला काढला, त्याच्या शब्दकोशात 'जरा' नसतोच.

झालं होतं असं. माझा मुलगा, सून आणि नात जर्मनीत असतात. सून म्हणजे ह्याच व्याह्यांची एकुलती एक लेक. तिने तिकडून डोळ्यांवर बांधायचं एक यंत्र पाठवलं. घाण्याच्या बैलाला झापड बांधतात ना, तसलंच. फरक एवढाच, की बैलाला असलेलं दिसू नये म्हणून बांधतात आणि आपल्याला नसलेलं दिसावं म्हणून. सोबत दोन्ही हातांत धरायला दोन दांडकी. ते चढवलं की म्हणे इथे निगडीच्या हॉलमध्ये उभं राहून तिकडच्या नातीशी टेबल टेनिस खेळता येतं. मी म्हटलं, अगं, माझे गुडघे बघ आणि तुझं टेनिस बघ. तेव्हा सून हळूच खरं बोलली. "अहो आई, खेळ हे निमित्त. माझी आई गेल्यापासून बाबा मोशीच्या फ्लॅटमध्ये एकटे बसून असतात. मी फोन केला की 'ओके, चालू आहे, नो प्रॉब्लेम' म्हणतात आणि ठेवतात, जसं काही मी कंट्रोल रूममधून विचारतेय. निदान रविवार तरी त्यांचा माणसांत जाऊ दे. काहीही करा, पण त्यांना तुमच्याकडे ओढा." मग त्यांच्याकडेच का नाही पाठवलंस, असं मी विचारलं. ती म्हणाली, "त्यांना पाठवलं असतं तर ते तपासणीतच अडकलं असतं. खोक्याच्या बाहेर आलं नसतं."

आता व्याह्यांना आपल्या घरी ओढणं म्हणजे काय, हे ज्याने त्यांना पाहिलंय त्यालाच कळेल. लेकीच्या सासरी पाणीसुद्धा प्यायचं नाही, हा जुना दंडक आजकाल कुणी पाळत नाही. आणि पाळलाच तर नातवंडाचं तोंड बघितलं की सुटतो, असं आमच्या सगळ्या म्हाताऱ्या सांगत आल्या. व्याह्यांना हे शास्त्र तोंडपाठ आहे. पण ते लागू करण्याबद्दल वरून सर्क्युलर आलेलं नाही, म्हणून त्यांच्याकडे अजून जुनाच नियम चालू. साखरपुड्याला ते आमच्याकडे आले तेव्हा पाहुण्यांना बसू देण्याआधी प्रत्येक घडीची खुर्ची हलवून बघत होते, आणि माझ्या हातचा पाण्याचा पेला त्यांनी कपाळाला लावून परत ट्रेमध्ये ठेवला. मी तेव्हा स्वतःला माणसं ओळखण्यात मोठी तरबेज समजत होते. आत जाऊन जावेला सांगितलं, "माणूस ताठ आहे गं. खुर्ची हलवतो आणि पाणी हलवत नाही." पोरगी घरात आली, नात झाली, नात शाळेत जायला लागली, तरी माणूस आमच्याकडे आला की दारात उभ्या उभ्या बोलून परत. आणि कामाशिवाय तर येणंच नाही.

तर पार्सल आलं. व्याह्यांना बोलावण्याआधी आपण एकदा लावून बघावं असा मला मोह झाला. यंत्र म्हणालं, जमिनीवर तुमच्या खेळायच्या जागेची रेघ ओढा. म्हणजे त्या रेघेच्या आतच हातपाय हलवायचे, भिंतीवर आपटायचं नाही. मला एवढंच कळलं, की जमीन आहे आणि रेघ ओढायचीय. पन्नास वर्षं दारात रांगोळी काढणाऱ्या बाईला हे सांगायचं म्हणजे! मी कंबरेत वाकून हातातल्या दांडक्याने छान गोल काढला, गोलाला पाकळ्या काढल्या, मध्ये कमळ काढलं आणि कोपऱ्यात लक्ष्मीची दोन पावलंसुद्धा ठेवली. यंत्राने लाल होऊन सांगितलं, जागा अपुरी आहे. मी पावलं पुसली. तरी अपुरी. ह्यांनी पेपरातून मान वर न करता विचारलं, "हळदीकुंकू ठेवलंयस का आत?" तेव्हा मी चिडून तो फोन लावला.

आणि काय सांगू! जो माणूस 'या हो कधीतरी जेवायला' म्हटलं की "बघू, बघू" करत महिने घालवतो, तो 'बंद पडलंय' हा शब्द ऐकल्याबरोबर मोशीहून स्कूटरवर निघाला. पायात कंपनीचे लोखंडी टोपणाचे बूट, खिशात टेस्टर, काखेत पिवळ्या चिकटपट्टीचं भेंडोळं. आल्या आल्या हॉलच्या मध्यभागी उभे राहून त्यांनी डॉक्टर नाडी बघतात तशी हवा बघितली आणि विचारलं, "विहीणबाई, ह्याआधी हा प्रॉब्लेम कधी आला होता?"

"अहो, खोकं आत्ताच फोडलंय."

"म्हणजे हिस्ट्री नाही." त्यांनी मान हलवली. "हिस्ट्री नसलेलं मशीन सगळ्यात डेंजर."

मग त्यांनी टीपॉय गॅलरीत पाठवला, सोफा भिंतीला लावला, ह्यांना सोफ्यासकट भिंतीला लावलं आणि फरशीवर पिवळी पट्टी चिकटवून कारखान्यासारखी गल्ली आखली. स्वयंपाकघरात जायला मला आता वळसा पडायला लागला. चुकून पट्टीवर पाय पडला तर "सेफ्टी, विहीणबाई, सेफ्टी!" असा आवाज यायचा. मी सवयीने चहा केला आणि कप समोर धरल्यावर जीभ चावली. पण व्याह्यांनी शांतपणे कप घेतला आणि संपवला. मी बघतच राहिले. तसे ते म्हणाले, "ड्यूटीवर कॅन्टीनचं चालतं." माझं स्वयंपाकघर त्या दिवसापासून कॅन्टीन झालं, आणि मी एवढ्या वर्षांत पहिल्यांदा त्यांना पाजू शकले.

असे मग रविवारामागून रविवार गेले. रोग एक असेल तर व्याह्यांना पटत नाही. एका रोगाखाली दुसरा असतो आणि त्याखाली मूळ कारण असतं, ते सापडल्याशिवाय मशीनला हात लावणं म्हणजे पाप. एका रविवारी खेळातलं टेबल छताला चिकटलेलं दिसत होतं. यंत्राला जमीन कुठे आहे ते नीट सांगायचं, एवढंच करायचं होतं. व्याह्यांनी आधी आमच्या फरशीवर गोटी सोडून तिचा उतार काढला आणि "बिल्डरने तुम्हाला फसवलंय" असा निष्कर्ष दिला. पुढच्या रविवारी झापडीत दिसणारा हात भलतीकडेच उडायला लागला, म्हणून आरशाच्या कपाटावर चादर टाकली, फ्रिजवर टाकली, शोकेसमधल्या स्टीलच्या भांड्यांवर टाकली. चकाकीने यंत्राची नजर चुकते म्हणे, म्हणून चकाकतं ते सगळं झाकायचं. शेजारीण दारातून डोकावली आणि घाबऱ्याघाबऱ्या म्हणाली, "अहो काकू, कोण गेलं?"

नात बिचारी तिकडे झापड चढवून तयार. फोनच्या स्पीकरवरून तिचा आवाज यायचा, "आजोबा, रिस्टार्ट करा ना! बंद करून चालू करा, बस्स!"

"रिस्टार्ट हे उत्तर नाही, बाळा," आजोबा म्हणायचे. "ती पळवाट आहे. आज रिस्टार्ट केलं की उद्या परत बोंबलतंय."

एकदा ते हात धुवायला आत गेले तेवढ्यात मी बटण दाबून धरलं, यंत्र बंद केलं, चालू केलं, आणि टेबल शहाण्यासारखं जमिनीवर उभं राहिलं. व्याही बाहेर आले, त्यांनी बघितलं, आणि शोकेसवरच्या चादरीकडे बोट दाखवून म्हणाले, "बघा. मी म्हणत नव्हतो? भांडी!" मी मुकाट्याने मान डोलावली. बढाई मारायची मला भारी हौस, पण ही एक मी गिळली.

आणि मग खरंच खेळ झाला. व्याह्यांनी झापड चढवली, नात समोर आली, आणि गडी सर्व्हिस करायच्या ऐवजी टेबलाखाली वाकून पाय कसे जोडलेत ते बघायला लागला. "आजोबा, बॉल मारा ना!" "थांब गं, जाळीची उंची बघू दे आधी." मग एकदाचा बॉल मारला. तो गेला. नातीने परत मारला. व्याह्यांनी पुन्हा मारला आणि एकदम त्यांच्या तोंडून खेडच्या गावाकडची भाषा सुटली, "आरं तिच्या! आला की परत! आन अजून एक!" कंपनीत शिरल्यापासून कुलपात ठेवलेली ती बोली मी पहिल्यांदाच ऐकली. लोखंडी टोपणाच्या बुटांत तो माणूस चक्क उड्या मारत होता. नात खिदळत होती, सून मागून "बाबा, सावकाश!" म्हणत होती. शेवटी दमून व्याह्यांनी हातातलं दांडकं समोरच्या टेबलावर ठेवलं. टेबल अर्थातच नव्हतं. दांडकं फरशीवर आपटलं. झापड काढून त्यांनी खाली बघितलं आणि गंभीरपणे म्हणाले, "सपोर्ट कमी पडतोय."

त्या संध्याकाळी त्यांनी पिवळी पट्टी नखाने खरवडून काढली, टीपॉय जागेवर आणला, ह्यांना भिंतीपासून सोडवलं आणि यंत्र दोन्ही हातांनी माझ्या ओंजळीत दिलं. "हँडओव्हर, विहीणबाई. आता मशीन ओके."

"मग पुढच्या रविवारी या खेळायला."

"खेळायला?" ते दारातच थांबले. "काम काय आहे आता?"

मशीन ओके झालं आणि आमचा रविवार नादुरुस्त झाला. पुढच्या रविवारी नात तिकडे झापड लावून आजोबांची वाट बघत बसली. मी तिच्याशी दोन डाव खेळले, पण माझ्याशी खेळणं म्हणजे भिंतीशी खेळणं. भिंत निदान बॉल परत तरी देते. मी मोशीला फोन केला. "ओके, विहीणबाई. चालू आहे. नो प्रॉब्लेम." त्याच्या पुढच्या रविवारीही तेच. सुनेचा फोन आला, तिने नुसतं विचारलं, "आले होते का हो बाबा?" मी म्हटलं, नाही. तिने बरं म्हणून ठेवला. ज्या माणसाने एवढे रविवार खपून यंत्र दुरुस्त केलं, त्याला त्या यंत्राने पुन्हा मोशीच्या फ्लॅटमध्ये कोंडून टाकलं होतं, आणि ह्यात माझ्या रिस्टार्टचा हातभार होता.

तेव्हा मी विचार केला. तसा मी विचार क्वचितच करते, आणि केला की त्यातून काहीतरी उपद्व्यापच निघतो. उजव्या हाताच्या दांडक्याचं झाकण सरकवलं, आतला सेल काढला, उलटा बसवला आणि झाकण लावून टाकलं. ह्यांनी पेपराआडून बघितलं. पान उलटलं. मग मी फोन लावला आणि आवाजात जमेल तेवढी काळजी आणून सांगितलं, "व्याहीबुवा, उजवा हात गेला हो!"

"कुणाचा?"

"मशीनचा."

"येतो," ते म्हणाले. आणि त्या एका शब्दात मला इतकं ऐकू आलं, की फोन ठेवल्यावर मी स्वतःच टीपॉय गॅलरीत नेऊन ठेवला.

भर दुपारी स्कूटर वाजली. बूट आले, टेस्टर आला, नवीन पिवळी पट्टी आली. व्याह्यांनी दांडकं उचललं, झाकण सरकवलं, आत बघितलं. मग माझ्याकडे बघितलं. मी घाईने कॅन्टीनमध्ये गेले. बाहेर आले तेव्हा ते वायफायचा डबा उघडून बसले होते. मग त्यांनी आरशावर चादर टाकली. फरशीवर गोटी सोडली. झापडीच्या काचा धोतराच्या मऊ फडक्याने पुसल्या. मधूनमधून "हं" म्हणत होते. चहा झाला, दुसरा चहा झाला. शेवटी नातीचा फोन आला, "आजोबा, झालं का?" तेव्हा कुठे त्यांनी हळूच पाठ फिरवून काहीतरी केलं, झाकण टक्कन बंद झालं आणि उजवा हात जिवंत झाला. मग डावावर डाव झाले. आजोबा हरले, भांडले, "तुझ्याकडचं टेबल वाकडंय" म्हणाले, पुन्हा हरले. उन्हं उतरेपर्यंत आमच्या हॉलमध्ये खेड बोलत होतं.

मी कणीक मळायला घेतली होती, पण काम संपलं होतं, तेव्हा थांबा म्हणायची सोय नव्हती. व्याही दारात खाली बसून बुटाची सुटलेली नाडी बांधत होते. नाडी बांधून झाली. उठले, भिंतीला हात टेकून क्षणभर थांबले, ह्यांच्याकडे एकदा बघून घेतलं आणि आवाज खाली आणून मला म्हणाले, "विहीणबाई, सेल काय आपोआप उलटा व्हत न्हाई. पुढच्या रविवारी जरा अवघड कायतरी बिघडवा, जेवायची वेळ होईल असं."