दूसरी ला

घर सोडलं त्या सकाळी माझी पाठ इतकी सुजली होती की गाडीतल्या बाकाला टेकता येत नव्हतं. सालेकसा स्टेशनवर आई आली नाही. बाबा आले, माझी पत्र्याची पेटी खांद्यावर घेऊन. गोंदियाला गाडी बदलून मला नागपूरला आत्याकडे जायचं होतं. बाबा खिडकीशी उभे होते आणि माझ्याकडे न पाहता रुळांकडे पाहून बोलत होते.

"माफी मांग म्हनलं होतं तुले. नाही मांगली. आता शिक परक्या गावात."

गाडी हलली तेव्हा ते दोन पावलं सोबत चालले. "मोठ्या मानसाशी वैर आपल्याले पुरत नाही, बाबू. इसरून जाय."

मी विसरलो नाही. नागपूरला विसरलो नाही आणि इथं, व्हिएन्नापासून तासाभरावर, डॅन्यूब नदीच्या काठी राहायला लागल्यावरही विसरलो नाही. हे मी तुमच्यासाठी लिहितोय, माझ्यासोबत त्या निवासी शाळेत जेवलेल्या, झोपलेल्या, मार खाल्लेल्या पोरांसाठी. तुमच्यातले काही अजून सालेकसाच्या आजूबाजूलाच धान पिकवता. काही रायपूर, पुणे, दुबईला गेलात. वर्षभरापूर्वी इथं काय घडलं त्याबद्दल तुमच्या ग्रुपवर उलटसुलट बोललं जातं, असं कळलं. मग खरं काय ते माझ्याकडूनच ऐका.

आपले गृहपाल सर तुम्हाला आठवत असतीलच. नाव मी लिहीत नाही. आपण तरी कुठं नावानं बोलायचो? ते गोंदिया शहरातले, हिंदीत बोलायचे. स्वयंपाकघरामागच्या बांबूच्या ओल्या छड्या आपल्यालाच तोडायला लावायचे आणि ऑफिसच्या कोपऱ्यात जुडी करून ठेवायचे. पाठीवर छडी मोडली की वळून न पाहता नुसता हात मागं करायचे आणि म्हणायचे, "दूसरी ला." ती आणून द्यायचं काम आपल्यातल्याच कोणाचं तरी असायचं. म्हणून त्यांचं नाव पडलं, दूसरी ला सर.

एकदा दुसरीतल्या मुलानं अंथरूण ओलं केलं, तर त्याला त्यांनी तो बेशुद्ध पडेपर्यंत मारलं. तेव्हा सुकराम नववीत होता, माझ्याच वर्गात, माझ्याच बाजूच्या गादीवर झोपायचा. तो कधी कोणाशी भांडला नव्हता. तो सरळ ऑफिसात गेला, छड्यांची अख्खी जुडी काखेत मारली आणि चुलीत नेऊन टाकली. स्वयंपाकीणबाई म्हणाली, "काऊन रे पोट्ट्या, मरतं का?" तो म्हणाला, "आज भात याच्यावरच शिजव, मावशी."

मग आपण सगळे मैदानात बसलो. आठवतं ना? कोणी वर्गात गेलं नाही. स्वयंपाकघराला कुलूप घालून किल्ली मी खिशात टाकली होती. सर दोनदा बाहेर आले आणि दोनदा परत गेले. त्या दिवशी पहिल्यांदा मी त्यांच्या हातात काहीच नसलेलं पाहिलं. रिकाम्या हातानं ते किती लहान दिसत होते!

दुपारी जीप आली. तालुक्याचे साहेब उतरले, गोड बोलले. म्हणाले, कोणी भडकवलं तेवढं सांगा, बाकीच्यांना काही होणार नाही, लगेच जेवायला वाढतो. आणि तुम्ही बोटं दाखवलीत. एकानं दाखवलं, मग दुसऱ्यानं, मग सगळ्यांनी. सुकरामकडं आणि माझ्याकडं. तुम्ही भुकेले होता, लहान होता, हे मला कळतं. तरी ती बोटं मला अजून दिसतात.

जीप गेल्यावर आम्हा दोघांना ऑफिसात नेलं. माझ्या पाठीवर नवी छडी होती. सुकरामला त्यांनी छडीनं मारलं नाही. उघड्या हातानं डाव्या कानावर मारलं, परत परत. कानातून रक्त गळ्यापर्यंत आलं. त्या कानानं त्याला पुन्हा कधीच ऐकू आलं नाही. दोघांची नावं शाळेतून कापली. मला नागपूरला आत्या होती. सुकरामला कोणी नव्हतं. तो तेंदूपत्त्याला गेला, रोजीला गेला आणि गावातच राहिला.

माझं पुढचं थोडक्यात सांगतो. नागपूरला शिकलो, एका हॉटेलच्या किचनमध्ये लागलो, तिथल्या एका आचाऱ्याच्या ओळखीनं व्हिएन्नाला आलो. पाच-सहा वर्षं तंदूरसमोर उभा राहिलो. जर्मन भाषा शिकलो ती भांडी घासणाऱ्या पोरांकडून, मग रीतसर क्लास लावून. शहराबाहेर रोमन लोकांच्या लष्करी छावणीचे अवशेष आहेत, तिथं आधी बागेच्या कामाला लागलो आणि नंतर परीक्षा देऊन लोकांना ते अवशेष फिरवून दाखवू लागलो. याला इथं 'फ्यूरुंग' म्हणतात. आता माझ्या छातीवर बिल्ला असतो आणि सकाळी भाकरीऐवजी काळा ब्रेड खाताना मला काही वाटत नाही.

मला शिकवायला इनग्रिड नावाच्या बाई होत्या, सत्तरीच्या. एक दिवस बराकींच्या पायाच्या दगडांमध्ये उभ्या राहून त्यांनी एका जुन्या बंडाची गोष्ट सांगितली. बंड इथलं नव्हे, दक्षिणेकडचं, पण याच प्रांतातलं. त्यातली एक पलटण पुढं या छावणीत राहायला आली. सम्राट ऑगस्टस मेल्याची बातमी आली आणि तीन पलटणी उठल्या. शिपायांचे केस पांढरे झाले होते तरी कोणी घरी सोडत नव्हतं. सोडलं तर जमीन म्हणून दलदल नाहीतर खडक द्यायचे. आणि वर अंमलदारांचा मार. या अंमलदारांना सेंच्युरियन म्हणायचे, आणि द्राक्षवेलीची काठी ही त्यांच्या हुद्द्याची खूण असे. त्यातला एक शिपायांच्या पाठीवर काठी मोडली की ओरडून दुसरी मागायचा. म्हणून शिपायांनी त्याचं नावच ठेवलं होतं, केडो आल्तेराम. म्हणजे लॅटिनमध्ये, दुसरी दे.

मी हसायला लागलो. मग ते हसू थांबेना, आणि मग ते हसू राहिलंच नाही. मी दगडावर बसलो. इनग्रिडबाई घाबरल्या. "काय झालं?" त्यांनी विचारलं.

"मी त्याला ओळखतो," मी म्हटलं.

त्यानंतर ही गोष्ट मी शेकडो लोकांना सांगितली, जपानी, इटालियन, शाळेच्या सहलींना. दर वेळी सांगताना समोर एकच चेहरा असायचा.

मागच्या उन्हाळ्यात इथल्या मराठी मंडळाच्या वैशालीताईंचा फोन आला. त्या पुण्याच्या. "अहो, तुम्ही गोंदियाचे ना? तुमच्या गावाकडचे एक सर आलेत लेकीकडे. रिटायर्ड, फार आदर्श माणूस. आम्ही सगळे रविवारी येतोय, तुम्हीच दाखवा ना मराठीतून!" मी नाव विचारलं. त्यांनी सांगितलं. मी म्हटलं, या.

संध्याकाळी सुकरामला फोन लावला. आमचं बोलणं कधी तुटलं नव्हतं.

"तोच?" तो म्हणाला.

"तोच."

त्याच्या मागं बैलाची घंटी वाजत होती. मग म्हणाला, "चालते-फिरते का अजून?"

"लेकीच्या हाताला धरून."

"त्याले हात नको लावजो," सुकराम म्हणाला. "पन मले फोन लाव. मी घरीच राहीन."

रविवारी नदीवरून गार वारा सुटला होता. पंधरा-वीस मंडळी आली. सर कानटोपी घालून होते, पायात नवेकोरे पांढरे बूट. त्यांची मुलगी मनीषा दंड धरून चालवत होती. मला त्यांनी ओळखलं नाही. "अपने तरफ के हो? बहुत अच्छा, बहुत अच्छा," म्हणत पाठीवर हात फिरवला. त्याच पाठीवर. मग सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "मेरे हाथ के नीचे से कितने लड़के निकले! आज कोई तहसीलदार है, कोई मास्टर."

"बाबा फार कडक होते," मनीषा कौतुकानं म्हणाली.

मी त्यांना स्नानगृहं दाखवली, धान्याची कोठारं दाखवली, आणि बराकीपाशी आणून उभं केलं. गोष्ट सुरू केली. पांढऱ्या केसांचे शिपाई, दलदलीची जमीन, वेलीची काठी. मग म्हणालो, "त्या अंमलदाराचं नाव शिपायांनी ठेवलं होतं, दुसरी दे. आमच्या गोंदियाच्या भाषेत सांगायचं तर, दूसरी ला."

लोक हसले. सरही हसले. मग त्यांचं हसू चेहऱ्यावरच अडकलं, आणि ते माझ्याकडे निरखून पाहायला लागले.

"मग काय झालं त्याचं?" कोणीतरी विचारलं.

"त्याच्याच शिपायांनी त्याला ठार मारलं," मी म्हटलं. "आम्ही तसं काही केलं नाही. आम्ही फक्त छड्या चुलीत घातल्या होत्या. नाही का, सर? मी सुकरामच्या सोबतचा."

"कौन सुकराम?" ते म्हणाले.

खरं सांगतो, त्यांनी ओळखलं असतं, मान खाली घातली असती, तर कदाचित मी तिथंच थांबलो असतो. त्यांना तो आठवतच नव्हता. मी व्हिडिओ कॉल लावला आणि फोन त्यांच्या तोंडासमोर धरला. पडद्यावर सुकराम आला, स्वच्छ सदरा घालून, केस विंचरून. मागं गोठा. कान दिसावा म्हणून तो जरा तिरपा बसला होता.

"रामराम सर. वळखलं का मले?"

सर मनीषाकडे पाहू लागले. मी मराठीत, सगळ्यांना कळेल असं, त्या दुपारचं सांगितलं. छडीचं नाही. फक्त कानाचं.

"अरे बेटा," सर फोनकडे पाहून म्हणाले, "पुराना जमाना था. सबको मारते थे. उसी से तो आदमी बने तुम लोग."

"आयकू नाही आलं, सर," सुकराम शांतपणे म्हणाला. "तो कान तुमीच फोडला. जोरानं बोला."

"कह रहा हूँ, हो गया होगा कुछ. माफ कर दे."

"आयकू नाही आलं. आनखी एकदा."

"माफ कर दे!"

"आनखी."

सुकरामचा उजवा कान उत्तम आहे. मला ते माहीत होतं. त्या कानाला रोज फोन लावूनच तो माझ्याशी बोलतो. मी फोन तसाच धरून ठेवला.

मनीषा रडायला लागली होती. "पुरे करा हो! त्यांचं वय बघा!"

"सुकराम म्हणेल तेव्हा पुरे," मी म्हटलं.

शेवटी सर ओरडले. "मुझे माफ कर दे, सुकराम!" पलीकडच्या वाटेवरचे इथले लोक थांबून पाहायला लागले. वाऱ्यानं तो आवाज पार नदीकडे नेला असेल.

"हव," सुकराम म्हणाला. "आता आलं." आणि त्यानं फोन बंद केला. माफ केलं असं तो म्हणाला नाही. कोणाच्या लक्षात आलं की नाही कोण जाणे.

मंडळानं मला ग्रुपमधून काढलं. दिवाळीचं बोलावणं आलं नाही. वैशालीताई म्हणाल्या, "तुमचं बरोबरही असेल, पण ही जागा होती का?" मी विचारलं, "मग जागा कुठली होती ताई?" महिनाभरानं मनीषाचा फोन आला. मला वाटलं भांडेल. तिनं एवढंच विचारलं की तो कान ऑपरेशननं बरा होईल का. मी नाही म्हटलं. मग ती म्हणाली, "आमच्या घरीही छडी होती," आणि फोन ठेवला. तिच्याबद्दल मला वाईट वाटलं. तिच्या बापाबद्दल अजिबात नाही.

बंडाचा शेवट मी प्रवाशांना घाईत उरकतो, पण तुम्हाला नीट सांगतो. नव्या सम्राटाचा मुलगा समजूत घालायला आला. त्याच रात्री चंद्राला ग्रहण लागलं. शिपाई घाबरले, आपल्याकडे थाळ्या वाजवायचे तशी भांडी बडवू लागले. धीर सुटला. मग ज्यांनी बंड सुरू केलं होतं त्यांना शोधून मारण्यात आलं, आणि त्यातल्या काहींना त्यांच्याच तंबूतल्या सोबत्यांनी पकडून दिलं, आम्ही इमानी आहोत हे दाखवायला. पकडून देणाऱ्यांची नावं कुठंच लिहिलेली नाहीत. तुमची मला पाठ आहेत.

बाबा आता थकलेत. फोनवर म्हणतात, "तिकडचाच होऊन जाय ना. कागद देऊन राहिले तं घेऊन घे." कागद म्हणजे इथलं नागरिकत्व. अर्ज करायचा म्हटलं तर आपला पासपोर्ट सोडावा लागतो. माझ्याकडून ते होत नाही, आणि कारण तुम्हाला वाटतं तसं गोड नाही. मागं ट्राममध्ये एक माणूस माझ्या तोंडावर म्हणाला, जा आपल्या देशात. पुढच्या स्टॉपला मी कांदे कुठून घ्यायचे याचा विचार करत होतो. इथला अपमान माझ्या कातडीच्या आत जातच नाही. तुमचा अजून आत आहे. जिथल्या माणसांचा राग इतकी वर्षं उतरत नाही, तेच गाव आपलं असतं, असं मला वाटायला लागलंय. इथं माझं कोणाशी वैर नाही, म्हणून इथं माझं घरही नाही.

येत्या धान कापणीला मी येतोय. तुमच्यातल्या दोघा-तिघांनी जेवायला बोलावलंय, सत्कार ठेवू म्हणालात. सत्कार नको. मी सुकरामकडं उतरणार आहे. त्याच्या बायकोनं अंगणात माझ्यासाठी खाट बांधून ठेवली आहे. ज्याला मला भेटायचं असेल त्यानं तिथं यावं. पण दारात आल्यावर आधी त्याच्याशी बोलायचं. तो बस म्हणाला, तर मग माझ्याशी.