दुसऱ्या ओळीतला पत्ता

छाया महाले सकाळी साडेआठच्या बसने सुरतच्या कोसाडहून उधन्याला निघतात तेव्हा त्यांच्या मांडीवर एक चौकोनी पिशवी असते. आत काचेची फ्रेम, भोवती जुनी ओढणी गुंडाळलेली. बसायला जागा मिळाली नाही तर त्या पिशवी छातीशी धरतात आणि दुसऱ्या हाताने खांब पकडतात. एकदा कंडक्टरने विचारलं, "बेन, भगवाननो फोटो छे?" छायाताई म्हणाल्या, "ना. मारो कागळ छे."

तो कागद म्हणजे त्यांच्या फार्मासिस्ट म्हणून झालेल्या नोंदणीचं प्रमाणपत्र. उधन्याच्या कानबाई मेडिकलमध्ये पोचल्यावर त्या ते काउंटरमागच्या खिळ्यावर टांगतात. संध्याकाळी सातला उतरवून घरी नेतात. औषधांच्या दुकानांत असे कागद वर्षानुवर्षं एका जागी लटकलेले असतात, त्यांच्यावर धूळ बसते, शाई उडते. गेल्या मार्चपर्यंत छायाताईंचाही तसाच लटकत होता.

वय पंचेचाळीस. माहेर पारोळा तालुक्यातलं, डी. फार्म. धुळ्यातून. लग्न होऊन सुरतला आल्या तेव्हा पती निंबा यंत्रमागांच्या कारखान्यात मास्तर होते. पहिली काही वर्षं प्रमाणपत्र ट्रंकेत पडून होतं. मग एक दुकानदार घरी आला. तुम्ही यायची गरज नाही, नुसता कागद भिंतीवर लावू द्या, दर महिन्याला पाकीट घरपोच येईल, असं त्याचं म्हणणं. ही पद्धत सगळ्यांना माहीत आहे आणि कोणीच तिच्याविषयी मोठ्याने बोलत नाही. छायाताईंनी त्याला चहा दिला आणि सांगितलं, "जिथे कागद, तिथे मी." तो पुन्हा आला नाही.

निंबांच्या गावचे हेमराज कुवर यांनी मेडिकल काढलं तेव्हा छायाताई कागदासकट तिथे बसू लागल्या. त्याला आता अकरा वर्षं झाली. एक गोष्ट मात्र इथेच नोंदवायला हवी. त्या सातला निघत आणि दुकान दहापर्यंत चाले. रोजचे तीन तास कागद भिंतीवर असे आणि त्या नसत. त्यांच्या नियमात एवढी फट होती आणि ती त्यांना ठाऊक होती.

स्वभाव संशयी. गोळ्यांच्या प्रत्येक खोक्यावरचा बॅच नंबर त्या बिलाशी ताडून पाहतात. डॉक्टरची सही ओळखीची वाटली नाही तर दवाखान्यात फोन लावतात. खोकल्याच्या औषधाची तिसरी बाटली मागायला आलेल्या गिऱ्हाइकाशी त्यांचं बोलणं साधारण असं होतं:

"बेन, चिठ्ठी घेर रही गई."

"तो घेर जईने लई आवो."

"अरे, रोज का कस्टमर हूँ."

"म्हणून तर विचारते."

गल्लीत त्यांना सीआयडी मॅडम म्हणतात. हेमराजही म्हणतात, फक्त हसत.

मार्चमध्ये एका सकाळी त्यांच्या फ्रेमच्या शेजारचा कागद बदललेला दिसला. तो दुकानाच्या उद्योग नोंदणीचा. जुना पिवळा पडला होता, त्याच्या जागी नवा लॅमिनेट केलेला आला होता. पिवळा कागद बदलला यात वावगं काही नाही. पण छायाताई छापलेलं सगळं वाचतात. या कागदावर धंद्याचं नाव शब्दांत असतं, पण सरकारला तो कळतो पाच आकड्यांवरून. मेडिकल दुकानाचा आकडा ४७७२१, औषधांची किरकोळ विक्री. जुन्या कागदावर तेवढीच ओळ होती. नव्यावर तिच्याखाली आणखी एक ओळ होती: ४६४९७.

"हेमराजभाऊ, ही दुसरी ओळ कशाची?"

"कोणती?"

"औषधांची घाऊक विक्री. आपण घाऊक कधीपासून विकायला लागलो?"

"अहो वहिनी, तो लखन झेरॉक्सवाला सगळ्यांनाच चार-पाच आकडे टिचकतो. साडीला टिकल्या लावणाऱ्या बाईच्या कागदावर विणकामापासून रंगकामापर्यंत सगळं आहे. उद्या कुठली योजना आली तर कामी येईल म्हणतो."

"घाऊकचा परवाना वेगळा लागतो. तो कुठे आहे?"

"आकडा म्हणजे परवाना थोडाच? मग घाबरता कशाला? सीआयडी मॅडम, चहा घ्या."

उत्तर पटण्यासारखं होतं. लखनची ही सवय सगळ्या उधन्याला माहीत आहे. त्याच्याकडे फॉर्म भरायला गेलेला माणूस एक धंदा सांगतो आणि पाच धंदे घेऊन बाहेर पडतो. आकडा म्हणजे परवाना नव्हे, हेही खरं. छायाताईंनी चहा घेतला. मग त्यांना कागदाच्या तळाशी बारीक अक्षरांत छापलेलं दिसलं: दोनपैकी पान पहिलं. भिंतीवर एकच पान होतं.

दुपारी जेवणाच्या सुट्टीत त्या लखनकडे गेल्या. जाताना शेजारच्या सोनालीच्या कागदाची प्रत मागून आणली होती. सोनाली साड्यांना टिकल्या लावते. त्यांनी तोंड उघडण्याआधीच लखन म्हणाला, "ताई, मी सगळ्यांनाच जास्तीचे आकडे टाकतो. तुमच्या दुकानालाही टाकला."

"मी अजून काही विचारलंच नाही."

लखन प्रिंटरकडे बघू लागला.

छायाताईंनी सोनालीची प्रत त्याच्यासमोर ठेवली. पाच ओळी, आणि प्रत्येक ओळीच्या शेवटी तारीख. पाचही तारखा एकच. "हिला तू एका बैठकीत पाच आकडे टाकलेस. आमच्या पहिल्या ओळीवर ऑगस्ट दोन हजार एकवीस आहे आणि दुसरीवर यंदाचा फेब्रुवारी. एवढी वर्षं तू टिचकत बसला होतास का?"

"ताई, ओटीपी हेमराजभाऊंच्या मोबाइलवर आला. मी नुसती बोटं चालवली."

"दुसरं पान काढ."

"ते मालकाला विचारून..."

"ज्या भिंतीवर माझं सर्टिफिकेट आहे, त्या भिंतीवरचा कागद आहे. काढ."

लखनने पान काढलं. त्यावर धंद्याच्या जागांचे पत्ते होते. पहिला उधन्याच्या दुकानाचा. दुसरा कोसाडचा, इमारत सदतीस, खोली बारा. छायाताईंनी तो दोनदा वाचला. रोज ज्यातून निघतो त्या दाराचा पत्ता छापील अक्षरांत ओळखायला त्यांना थोडा वेळ लागला.

लखन म्हणाला, "पत्ता बघायला लाइट बिल मागितलं होतं. निंबाभाऊ स्वतः घेऊन आले. मला वाटलं, तुम्हाला माहीत असेल."

काय घडलं हे त्यांना तिथेच कळलं. घाऊक परवान्यासाठीही एक जाणकार जबाबदार माणूस दाखवावा लागतो. कोसाडच्या त्या खोलीत असा माणूस एकच राहतो. उद्या कोणी तपासायला आलं, तर विनापरवाना घाऊक धंदा फार्मासिस्टच्याच घरी निघणार होता. मला ठाऊक नव्हतं, हे त्यांचं म्हणणं कोण ऐकणार? नोंदणी रद्द झाली असती. तेवीस वर्षं जपलेला कागद गेला असता, आणि तोही एकदाही भाड्याने न देता.

त्या दिवशी त्या सातची वाट न बघता पाचलाच निघाल्या. निंबा घरीच होते. कारखान्यात नव्या मशिनी आल्यापासून, म्हणजे आठ महिने, ते घरीच असतात. घरात अहिराणी चालते.

"लाइट बिल कोणले दिधं तुम्हीन?"

निंबा टीव्हीचा आवाज कमी करत म्हणाले, "हेमराजले. कागदवरच शे ते. घरमा एक खोकं तरी उनं का?"

"माले काबर सांगं नही?"

"तुले काय सांगू? तू त पोलीससारखी इचारस. माले काम नको का?"

हेमराजने त्यांना गोडाऊन सांभाळायचं काम देऊ केलं होतं. खोकी यायची, दोन दिवस ठेवायची, पुढे जायची. अजून एकही आलं नव्हतं. आणि परवान्याचं काय, असं निंबांनीही विचारलं होतं म्हणे. हेमराज म्हणाले होते, वहिनींचं सर्टिफिकेट आहेच की. त्यानंतर निंबांनी काही विचारलं नाही. छायाताई दुकानात येणाऱ्या प्रत्येक चिठ्ठीवर संशय घेत होत्या, तेव्हा लाइट बिल त्यांच्याच कपाटातून गेलं होतं.

दुसऱ्या दिवशी दुकानात पोचल्यावर त्यांनी डब्याची पिशवीही खाली ठेवली नाही. स्टुलावर चढून फ्रेम खिळ्यावरून काढली आणि बगलेत धरली.

"वहिनी, हे काय? आता दुकान कसं उघडायचं?"

"ते तुम्ही ठरवा. दुसरी ओळ आणि कोसाडचा पत्ता निघाला की मी हे परत लावते."

"अहो, भेस्तानची एक पार्टी होती. कागदावर घाऊक दिसलं पाहिजे म्हणाली, म्हणून टाकलं. अजून काहीच झालेलं नाही."

"खोक्यांत काय येणार होतं?"

"औषधंच."

"कोणती?"

हेमराज खिशात मोबाइल शोधू लागले. तो काउंटरवरच होता.

बाहेर तोपर्यंत चार गिऱ्हाइकं जमली होती. एका आजींना रक्तदाबाच्या गोळ्या हव्या होत्या. त्या म्हणाल्या, "शुं थयुं बेन? दुकान खाली करो छो?" छायाताई म्हणाल्या, "दहा मिनिटं थांबा. मालकाला एक काम आहे."

दहाची चाळीस मिनिटं झाली. लखनच्या दुकानात छायाताई फ्रेम बगलेत धरून उभ्या राहिल्या. हेमराजच्या मोबाइलवर ओटीपी आला. तो त्यांनी दोनदा चुकीचा वाचला, तिसऱ्यांदा छायाताईंनी स्वतः वाचून सांगितला. ओळ गेली, पत्ता गेला. लखनने दोन्ही पानं छापली आणि पैसे घेतले नाहीत. दोन्ही पानं आता कानबाई मेडिकलच्या भिंतीवर शेजारी-शेजारी आहेत.

गोष्ट इथे मिटायला हवी होती. हेमराजच्या मते ती मिटली. "एवढी माणसं ओळखीची," ते म्हणतात, "आणि ही बाई कागद घरी घेऊन जाते. जसा काही मी रात्रीतून खाऊन टाकणार." छायाताई सातला फ्रेम उतरवतात, त्यामुळे शटरही सातला खाली येतं. सात ते दहा बसायला हेमराज दुसरा फार्मासिस्ट शोधत आहेत. दोन जण येऊन गेले. दोघांनीही फक्त कागद लावायची तयारी दाखवली. त्यांना नको म्हणायला छायाताई काउंटरवर हजर होत्या.

भेस्तानची पार्टी कोण आणि खोक्यांत काय येणार होतं, हे त्यांना आजवर कळलेलं नाही. कळेल असं त्यांना वाटतही नाही. दर महिन्याच्या एक तारखेला त्या लखनकडून दुकानाच्या नोंदणीची ताजी प्रत काढून घेतात, ओळी मोजतात, पत्ते वाचतात. लखन आता विचारायच्या आधी काही बोलत नाही.

निंबांना एका सोसायटीत वॉचमनचं काम मिळालं आहे. जूनमध्ये त्यांनी घरात दारासमोरच्या भिंतीवर एक मजबूत खिळा ठोकला. बायको फ्रेम रोज खाटेवर ठेवते, काच फुटेल, असं कारण त्यांनी सांगितलं. छायाताई म्हणाल्या, "चांगला बसला." खिळ्यावर सध्या कॅलेंडर आहे. फ्रेम रात्री कपाटात असते, लाइट बिलांच्या फाइलवर, आणि कपाटाची चावी छायाताई उधन्याला जाताना सोबत नेतात.