नंदाने सोडलेला डाव

फोन आला तेव्हा मी कोहमाऱ्याला माझ्या दुकानात एका गिऱ्हाइकाशी ट्रॅक्टरच्या भावावरून भांडत होतो. गोंदियाहून नंदाची शेजारीण बोलत होती. नंदा, माझी धाकटी बहीण, सकाळी उठलीच नाही. मी फोन ठेवला आणि गिऱ्हाइकाला पुन्हा भाव सांगितला... तोही आधीचाच. असं कसं झालं, ते मला अजून कळत नाही.

वर्तमानपत्रांनी तिला माजी राज्यविजेती बुद्धिबळपटू म्हटलं. खरं आहे, तीनदा जिंकली. पण खेळ ती शिकली ढाब्यावर. बाप गेल्यावर मी बैलबाजारात दलाली करायचो आणि तिला सोबत न्यायचो. बाजारात घेणारा आणि दलाल रुमालाखाली हात धरतात, बोटं दाबून भाव ठरवतात. शेजारी उभ्या माणसालाही आकडा कळत नाही. नंदा ते बघत बसायची, कंटाळली की ढाब्यावर जायची. तिथे ट्रकवाले खाटेवर पट मांडून खेळत. त्यातला एक हरल्यावर मला म्हणाला, "भैया, इसको बैल मत दिखाओ, मेरा वजीर खा गई."

माझा राग आहे तो चौथ्या वर्षीच्या शेवटच्या डावावर. जिंकली तर अजिंक्यपद पुन्हा तिचं, बरोबरी झाली तर समोरच्या, नागपूरच्या विदुलाचं. डाव नंदाच्या हातात आहे, असं बघणारे जाणकार सांगत होते. तेवढ्यात दोघी काहीतरी पुटपुटल्या, हात मिळवले... बरोबरी. परतीच्या गाडीत मी खूप बोललो. हाती आलेला सौदा कोणी सोडतं का, त्या नागपूरवालीनं तुला काय सांगून गुंडाळलं, असं सगळं. गोंदिया आल्यावर नंदा म्हणाली,

"दादा, तू रुमालाखाली काय ठरवते, मी कधी इचारलं काय?"

त्यानंतर ती स्पर्धेला गेली नाही. खोली भाड्याने घेऊन पोरींना शिकवत राहिली. दर राखीला मी तोच प्रश्न काढायचो. ती राखी बांधायची आणि ताट वाढायची.

तेराव्यानंतर मी नंदाची खोली आवरत होतो, तेव्हा विदुला आली. केस पिकलेले. मी तिला पाणीही विचारलं नाही. बरोबरी मागताना तुम्ही माझ्या बहिणीला काय म्हणालात, एवढंच विचारलं.

"मी कुठं मागितली?" ती म्हणाली. "तिनंच मागितली. मी तर हरून राहिली होती. इतकी वर्षं विचार करते, तिनं असं काऊन केलं... म्हटलं, भावाला तरी सांगितलं असेल."

मग तिने नंदाच्या पटावर तो डाव आठवून मांडला. मला खेळ येत नाही. तिने हत्तीवर बोट ठेवलं, म्हणाली, हा इथे सरकला की माझा राजा संपला. आणि नंदाला ते दिसलं नाही, असं होणं शक्य नाही.

घरमालकाशी घासाघीस करून मी ती खोली ठेवून घेतली आहे. अधूनमधून जातो, झाडतो, बसतो. पट विदुलाने मांडला तसाच आहे. धूळ पुसताना हत्ती सरकणार नाही, एवढं मी बघतो... चाल नंदाची आहे.